फुक्सीचा गोड चारा

१४ मे १९२३

पोचले बाई एकदाची! बोट, आगगाडी, दुसरी आगगाडी, मग तिसरी, आणि शेवटी कॉनराडची बैलगाडीसारखी खडखडणारी घोडागाडी. स्टेशनावर माझाच लेक समोर उभा, आणि मी त्यालाच विचारलं, अहो, इथे कॉनराड गाइस कुठे राहतो, ठाऊक आहे का. अकरा वर्षांपूर्वी व्होल्गाकाठून निघाला तेव्हा मिसरूडही नीट फुटलं नव्हतं, आता पोट सुटलंय. तो हसता हसता रडायलाच लागला.

सून पॉलिना बोलायला कमी, कामाला वाघ. आल्या आल्या कोबी-मटण भरलेले गरम बन समोर ठेवले. मी पाच खाल्ले. सहावा एप्रनच्या खिशात टाकला, सवयच लागलीय, काय करू. दुष्काळाची दोन वर्षं जी काढतात त्यांचे खिसे कधी रिकामे राहत नाहीत. तिने पाहिलं.  आज सकाळी उशाशी फडक्यात बांधलेला एक बन होता. गुणाची आहे.

आणि डोर्टे! माझी नात! सात वर्षांची, कोपरं सोललेली, पुढचे दोन दात पडलेले. ही वही तिचीच. म्हणाली, आजी, तू इतकं बोलतेस, त्यातलं थोडं यात लिहीत जा, म्हणजे मला झोप लागेल. मी देवळातल्या मास्तरांकडे दोनच हिवाळे शिकले, अक्षर कोंबडीच्या पायासारखं. पण लिहीन म्हटलं. तिकडे माझी धाकटी बहीण आहे, तिला पुढेमागे वाचून दाखवता येईल.

२१ मे

घोडीचं राहिलंच लिहायचं. तांबूस रंगाची, कपाळावर पांढरा टिळा, नाव फुक्सी. कॉनराडकडे ही एकच. शेजारच्या यॉर्ग फेटरांचा घोडा आणि ही, अशी जोडी जुंपून दोघं आपापली बिटं काढतात. फुक्सी नसली तर ऑक्टोबरात बिटं जमिनीतच राहायची, असं कॉनराड म्हणाला. पण ते त्याचं. डोर्टेचं वेगळंच. ती तिच्या पाठीवर बसून शाळेत जाते, तिच्याशी बोलते, आणि घरी आली की स्वतःच घोडी होते. खिंकाळते काय, मान उडवते काय, अंगणातल्या बादलीत तोंड घालून पाणी पिते काय! घोडी असताना बोलायचं नसतं म्हणे. मग आम्ही ठरवून टाकलं. टाच एकदा आपटली की हो, दोनदा आपटली की नाही. आज मी विचारलं, घोडीबाई, शेवयांचं सूप घेणार का? टण्णकन टाच. हसून हसून माझ्या पोटात दुखलं.

कॉनराडने लसूणघासाचं शेत दाखवलं. माझंच बी ते! तो निघाला तेव्हा मी गावातल्या गंजीतून झाडून एक पिशवी भरली होती आणि त्याच्या कोटाच्या अस्तरात शिवून दिली होती. म्हटलं, परक्या मुलखात जनावराला निदान घरचा घास मिळेल. शेत छान आहे. फक्त पाटाजवळच्या कोपऱ्यात लसूणघास टिकला नाही, तिथे दुसरंच काहीतरी माजलंय. मी विचारलं काय ते, तर म्हणाला, असेल काही, चल घरी.

९ जून

पाटाजवळचं ते फुललं! मी लांबूनच ओळखलं आणि चक्क धावले, या गुडघ्यांनी. आमची कडवी! फिकट जांभळं-गुलाबी फूल, बोराएवढं. तिकडे गवताळ रानात असायची. आमचं शेत ओलांडलं की बाबा म्हणायचे, कडवी लागली, आता गाव आलं. मी तिथे मट्कन बसले आणि पोटभर रडून घेतलं. आनंदाने हो. मग ओंजळभर फुलं आणून टेबलावर पेल्यात ठेवली. पॉलिनाने नाक मुरडलं, पण राहू दिली.

एक मात्र नवल. तिथे बसले होते तेव्हा टोळ नाही, मुंगी नाही, चिमणी नाही. बाकी शेतात टोळांचा नुसता कहर. इथे कडवीच कडवी, आणि तिच्याखाली जमीन झाडून काढल्यासारखी बोडकी. तिकडे तर तिच्या मधूनमधून चार जातीची गवतं असायची. म्हटलं, नव्या देशात एकटीच आलीय बिचारी, माझ्यासारखी.

२३ जून

पाऊस नाही. पाटाला पाणी गुडघ्याखाली. कुरण पिवळं पडलं, राखून ठेवलेला चारा पॉलिना मोजून टाकते, आणि फुक्सी गव्हाण चाटत बसते. हिरवं काय आहे तर फक्त ती कडवी. मला आठवलं, तिकडे वाईट सालात मेंढ्या हीच खायच्या. एकीलाही काही झालं नाही. दूध जरा कडवट यायचं, बस. मग घोडीला काय होणार आहे?

ओंजळभर पुढे धरली तर फुक्सीने ओठ उलटा केला आणि माझ्याकडे असं पाहिलं की जशी मीच सवत. पण मी कुणाची मुलगी! देवळामागच्या पिंपात बिटाची काकवी असते, यॉर्ग फेटर साखर कारखान्यातून आणतात. कडवीची बारीक कुट्टी केली, मूठभर कोंडा, वर काकवीची धार. फुक्सीने हुंगलं, चाटलं, आणि टोपलं साफ!

कॉनराडला बोलले नाही. म्हटलं, घोडीच्या अंगावर मांस चढलं की मगच सांगू, कसं गुपचूप चारा वाचवला ते. म्हातारी नुसती बसून खात नाही, हे कळू दे.

७ जुलै

फुक्सी आता माझी वाट बघते. टोपलं दिसलं की खूर आपटते. डोर्टे आणि मी, आमचं दोघींचं हे गुपित. ती टोपल्याशी बसते आणि म्हणते, एक घास फुक्सीला, एक मला. काकवी चोखते आणि काड्या थुंकते. शी, किती कडू! म्हणते, आणि पुन्हा हात घालते. पोरंच ती.

काल काकवी संपली होती. म्हटलं आता ही खाणार नाही. खाल्लं. काकवीशिवाय खाल्लं.

१६ जुलै

पॉलिनाच्या नजरेतून काही सुटत नाही. कडवी पाट ओलांडून बिटांच्या कडेला आलीय, असं तिने जेवताना सांगितलं. मग काय, आमच्या लोकांना तण दिसलं की दुसरं काही सुचतं का? कुदळी निघाल्या. यॉर्ग फेटर आले, त्यांची सून आली, मीसुद्धा. आखूड दांड्याच्या कुदळी, पाठी वाकलेल्या, तोंडात सूर्यफुलाच्या बिया. यॉर्ग फेटर मला म्हणाले, अमालिया, तू रशियातून आलीस तेव्हा वाटलं बसून राहशील, तू तर तोफच निघालीस. मी म्हटलं, तुम्ही बिया चघळण्यात मागे पडलात, कुदळीत काय पुढे जाणार.

दोन दिवसांत सगळं कापलं. खणलं, चिरलं, तुकडे तुकडे केले. मुळं काळी निघाली, जळक्या दोरखंडासारखी, खवलेखवले असलेली. यॉर्ग फेटरांच्या घोड्याने वखर ओढला आणि सगळं कसं साफ. पाला मी गोळा केला. टाकायचं कशाला, फुक्सी आहे ना.

डोर्टे आता काड्या थुंकत नाही. मी रागावले तर घोडी झाली. घोडीने काय काड्या थुंकायच्या असतात, असं नंतर म्हणाली.

५ ऑगस्ट

लिहायला झालं नाही. खरं म्हणजे मन होत नव्हतं.

कुदळीने जेवढे तुकडे केले तेवढी रोपं आली. जिथे एक झाड होतं तिथे वीस. वखराने जिथवर ओढत नेले तिथवर आली, बिटांच्या मधोमध, थेट आठव्या ओळीपर्यंत. आणि तिच्या शेजारची बिटं फिकी पडलीत. उपटून बघितलं तर करंगळीएवढी.

मी कडवीच्या कडेला एक खुंटी ठोकली होती, सहज, बघू म्हणून. आज खुंटी कडवीच्या आत गेलीय. हातभर आत. पाऊस नाही, पाणी नाही, हिला काय लागतं तरी काय!

पॉलिनाने पेल्यातली फुलं फेकून दिली. 

११ ऑगस्ट

शेतीखात्याचा माणूस आला होता. काटकुळा, चष्मेवाला, धुळीने माखलेला. मला इंग्रजी येत नाही, कॉनराड मधूनमधून सांगत होता.

त्याने एक फूल तोडून आम्हाला दाखवलं. फुलाखाली मण्याएवढी हिरवी बोंडी. तिच्यावर माशासारखे खवले, आणि खवल्यांच्या कडा कागदासारख्या पातळ. काटा नाही, काळा ठिपका नाही. ठिपके किंवा काटे असते तर हिची चुलत बहीण असती म्हणे. मग खणून मूळ काढलं आणि काळी खवलेदार साल नखाने खरवडली. म्हणाला, हीच. रशियन नॅपवीड. यॉर्ग फेटर हसले, म्हणाले, घ्या, आम्ही मूळचे जर्मन, तरी आम्हालाही हे लोक रशियनच म्हणतात. तो माणूस हसला नाही.

बोटभर मुळातून नवं झाड येतं. कुदळ मारली की ती वाढतेच. मुळं विहिरीसारखी खोल जातात. जमिनीत काहीतरी सोडतात आणि शेजारी दुसरं काही जगू देत नाहीत. मग गवत जातं, मग किडे, मग पाखरं, मग हरणं. नदीकाठ एकदा गेला की खोरं गेलं, असं त्याने टोपी हातात घेऊन सांगितलं, जसं मयताच्या घरी सांगतात.

बी कुठून आलं, असं विचारलं. कॉनराड बुटांकडे बघत म्हणाला, बाजारातलं. माझ्याकडे त्याने बघितलंसुद्धा नाही. माझा लेक माझ्यासाठी खोटं बोलला, त्यावरून मला कळलं.

माझीच पिशवी. माझ्याच हाताने शिवलेली.

जाताना तो फुक्सीकडे बोट दाखवून काही बोलला. कॉनराडने मान हलवली, नाही नाही असं म्हणाला. मला काय बोलला ते सांगितलं नाही.

१२ ऑगस्ट

डोर्टेला विचारलं. तिला इंग्रजी कळतं. ती म्हणाली, तो माणूस म्हणाला, घोड्याला हे खाऊ देऊ नका. मेंढीला चालतं, गाईला चालतं, घोड्याला नाही. महिना दोन महिने खाल्लं की डोक्यात आत काहीतरी मरतं. आणि बाबा म्हणाले, आमची घोडी त्याला तोंड लावत नाही.

मग तिने विचारलं, आजी, आपण सांगायचं का?

मी म्हटलं, नको. मीच म्हटलं. आजपासून बंद करू, दिलंच नाही असं समजू. रागावतील उगाच. तिने टाच एकदा आपटली.

किती दिवस झाले? तेवीस जूनपासून मोजले. पन्नास.

१७ ऑगस्ट

बंद केलंय. चांगला चारा घालते, माझ्या वाटचा बनही तिला देते. तिला नको.

आज फाटक ढकलून गेली, मी डोळ्यांनी पाहिलं. पाटाजवळ, कडवीत, पोटापर्यंत उभी. खात होती. दावं धरून ओढलं तर मला, मला दात दाखवले. कॉनराड पॉलिनावर ओरडला की फाटक तूच उघडं टाकलंस. ती म्हणाली, मी लावलं होतं. तो म्हणाला, मग घोडीनेच उघडलं वाटतं! ती फाटक लावायला गेली. 

ती माझ्यासाठी उशाशी बन ठेवते. आणि मी गप्प बसले.

२१ ऑगस्ट

आज सकाळी. एका रात्रीत.

फुक्सी गव्हाणीशी उभी. तोंड अर्धं उघडं, वरचा ओठ वर ओढलेला. हसल्यासारखी. चारा तोंडात आहे पण चावत नाही. जीभ आत-बाहेर. चारा तसाच खाली पडतो. पुन्हा घेते. पुन्हा पडतो.

चेहरा लाकडाचा. डोळे मात्र तिचेच आहेत, आणि ते माझ्याकडे बघतात.

२२ ऑगस्ट

पाणी प्यायला हौदात तोंड घालते. नुसतं तोंड नाही. नाक, कपाळ, डोळ्यांपर्यंत बुडवते, तेव्हा कुठे घोटभर घशात उतरतं. मग मान वर फेकते.

यॉर्ग फेटरांनी बघितलं. थट्टा नाही केली. टोपी काढली. म्हणाले, हिने कडवी खाल्लीय, कॉनराड. कॉनराड म्हणतो, शक्य नाही, कडूजहर असते ती, कोण खाईल. कोण खायला घालेल!

 डोर्टे माझ्याकडे बघत होती.

२४ ऑगस्ट

गव्हाण भरलेली आहे. भरलेली. आणि ती तिच्यासमोर वाळत चाललीय. बरगड्या मोजता येतात.

तिकडे दुष्काळात माझी लेक लेना अशीच गेली होती, पण तिकडे घास नव्हता. तोंड होतं, घास नव्हता. इथे—

डोर्टे हाताने भरवते. बोटांनी घास पार घशाशी लोटते. तासन्‌तास. स्वतः जेवत नाही. भूक नाही म्हणते.

२६ ऑगस्ट

कॉनराडने बंदूक काढली. डोर्टेला पॉलिनाने देवळात नेलं. तरी आवाज तिथवर गेला.

पाटाजवळ पुरली, जमीन तिथे मऊ. कंबरेएवढं खणलं. काळी मुळं. छातीएवढं खणलं. मुळं. यॉर्ग फेटरांनी दोर ओढल्यासारखं एक मूळ ओढलं, ते खालून आणखी येतच राहिलं. शेवटी तोडलं आणि घोडी तशीच मुळांवर ठेवली.

सांगायला हवं होतं. आज रात्री जेवताना सांगते. पॉलिनाला फाटकाबद्दल तरी.

२७ ऑगस्ट

नाही सांगितलं.

२९ ऑगस्ट

डोर्टे बोलत नाही. घोडी झालीय. दिवसभर. पॉलिना म्हणते दुःख आहे, जाईल. मी विचारते, टाच आपटते. हो. नाही. सूप चमच्याने घेते, अर्धं सांडतं. लक्ष नसतं तिचं.

तीन दिवस झाले. मातीवर हिरवे कोंब. फुक्सीच्या मातीवर.

३० ऑगस्ट

एक घास फुक्सीला, एक मला.

किती घास? मी मोजले नाहीत. हसत होते. मी हसत होते.

मेंढीला चालतं. गाईला चालतं. माणसाचं त्याने काही सांगितलं नाही. कुणी विचारलंच नाही—

३१ ऑगस्ट

न्याहारी. राय धान्याचा काळा पाव, वर लोणी. डोर्टेने घास घेतला. घास तोंडातच.

खा गं, म्हटलं. माझ्याकडे बघते. ओठ वर. हसल्यासारखी—

पॉलिना म्हणाली, पुरे झाली नाटकं. कॉनराड म्हणाला, घोडी गेली, आता तिची नक्कल बंद. आणि गेले दोघं बिटांत. त्यांना ठाऊक नाही ना. मला एकटीलाच—

मी खाली बसले, तिच्या समोर. म्हटलं, खेळतेयस ना? खेळत असलीस तर टाच आपट. एकदा. वाट बघितली.

पाव पडला. जीभ—

जाते. आत्ता सांगते. सगळं. पिशवी, काकवी, फाटक, टोपलं, सगळं. कॉनराड खिडकीतून दिसतोय, आठव्या ओळीशी. आधी हे लिहून ठेवते, माझी जीभ अडली तर निदान वही तरी—

अंगणात बादली वाजली.

ती बादलीशी वाकलीय. तोंड पाण्यात. आता नाक. आता डोळ्यांपर्यंत—

डोर्टे, वर ये. टाच आपट, बाळा. दोनदा आपटलीस तरी चालेल, फक्त आपट—